आधी पाणी, मागून काठी

खारकोंड
१८ नोव्हेंबर २०२४

तीर्थरूप धाकट्या आजोबांना नम्रताचा नमस्कार.

तुम्हाला फोनवर ऐकू येत नाही आणि मोबाईलवरची अक्षरं डोळ्यांना टोचतात, म्हणून पत्रच लिहिते आहे. मला ते बरंही वाटतं. शाळेत जाण्याआधी मी वाचायला शिकले ते तुमच्या पोस्टकार्डांवर. आजी चुलीपुढे बसायची, मी एकेक अक्षर लावायची, आणि चुकलं की ती वर न बघताच सांगायची. शेजारच्यांकडून आधी वाचून घेऊन तिने पत्र पाठच केलेलं असायचं, हे मला फार उशिरा कळलं.

आता काम सांगते. तुमच्या मुंबईच्या ग्रामस्थ मंडळाला येत्या मे महिन्यात पन्नास वर्षं होतात. त्यानिमित्त पुस्तिका निघणार आहे आणि तिच्यात गावाची माहिती लिहायचं काम माझ्यावर आलं आहे. मी इतिहास घेऊन बी.ए. झाले आणि ग्रामपंचायतीत संगणकावर बसते, एवढीच माझी पात्रता. पण छापलेलं पुसता येत नाही, म्हणून मला प्रत्येक ओळीची धास्ती वाटते. हा भाग तपासून द्यावा:

‘खारकोंड हे गाव वरचा कातळाचा सडा आणि खालची खाडी यांच्या मधल्या उतारावर आहे. घरं एक्केचाळीस, त्यांतली सतरा बंद. सड्यावर फारसं पिकत नाही. गावाची शेती म्हणजे खाडीला मातीचा बांध घालून पूर्वजांनी मिळवलेली खारजमीन. या बांधाला खेकडे बिळं पाडत. उधाणाचं पाणी बिळातून शिरलं की तासाभरात भगदाड पडे. वेळेवर लक्ष गेलं तर मात्र एक माणूस दोन घमेली चिखलाने ते बुजवू शके. म्हणून पावसाळ्यात बांध राखण्याची पाळी असे. एका घराची पाळी पंधरा दिवसांची. पाळीची काठी त्या घराच्या दारात उभी असे. अमावस्येचं किंवा पौर्णिमेचं उधाण ओसरलं की संध्याकाळी ती पुढच्या घराच्या दारात नेऊन ठेवायची. काठी ज्याच्या दारात, बांध त्याच्या जिवावर. आता बांध काँक्रीटचा आहे. काठी देवळात ठेवलेली आहे.’

यापुढे बाबांनी मला एक वाक्य सांगितलं आहे: ‘१९७४ साली रावजी यांच्या पाळीत हयगय झाल्याने बांध फुटला.’ ते मी अजून लिहिलेलं नाही. ज्याच्यावर ठपका ठेवायचा त्या घरच्यांना विचारल्याशिवाय लिहिणं मला बरं वाटेना. रावजीआजोबा जाऊन सव्वीस वर्षं झाली, म्हणून हौसाआजीकडे गेले. आपल्या आणि तिच्या घरात दगडांचा एक गडगा तेवढा आहे, तरी मी तिच्या पडवीत पहिल्यांदाच बसले. तिने सगळं ऐकून घेतलं आणि एवढंच म्हणाली, “आधी पाणी आला गो. काठी मागनं आली.”

बाबा म्हणतात, पणजोबांनी काठी त्या दिवशी सकाळीच रावजींच्या दारात ठेवली होती, कारण त्यांना पिठोरीच्या पूजेला देवळात जायचं होतं. मग हौसाआजी असं का म्हणते? आपल्या घरातलं त्या वेळचं माणूस आता तुम्हीच एक. तुम्हाला काय आठवतं?

तुमची नात,
नम्रता

*

विरार
२ डिसेंबर २०२४

चि. नम्रता हिला आशीर्वाद.

तुझं अक्षर बघून डोळे निवले. ऋत्विकला दाखवलं. तो म्हणाला, आजोबा, हे कोणी छापलंय? दहावीला आहे आणि स्वतःचं अक्षर स्वतःला लागत नाही.

मजकूर चांगला आहे. उघाडीबद्दल लिही. शेतातलं पावसाचं पाणी ओहोटीला बाहेर सोडायचं आणि भरतीला आत येऊ द्यायचं नाही, त्यासाठी बांधात लाकडी फळ्यांचं दार असायचं, त्याला उघाडी म्हणायचे. लाल भाताबद्दलही लिही. तसा भात मी पुढे कुठे खाल्ला नाही. खेकड्यांचं खरं आहे. आम्ही पोरं बिळात हात घालून खेकडे काढायचो, म्हातारी माणसं शिव्या द्यायची नि मग तेच खेकडे कालवणाला मागायची.

सड्यावरून खाली बघितलं की एका बाजूला खाडी नि एका बाजूला हिरवी खार, मधे बांधाची काळी रेघ. ते पुस्तिकेच्या पहिल्या पानावर घाल. मंडळाच्या अध्यक्षांना सांग, स्वतःचे फोटो कमी करा म्हणजे जागा होईल.

बांध फुटला त्या दिवशी मी गावात नव्हतो. रत्नागिरीला मुलाखतीला गेलो होतो. त्यामुळे मला काही सांगता यायचं नाही. जुनी गोष्ट आहे. हौसावैनी आता म्हातारी झाली, तिच्या बोलण्याला किती धरायचं ते तू ठरव.

तुझा,
धाकटा आजोबा

*

खारकोंड
१५ डिसेंबर २०२४

तीर्थरूप आजोबा, नमस्कार.

उघाडीचा परिच्छेद घातला. लाल भाताचाही.

हौसाआजीच्या पोटात गाठ निघाली आहे. तिचा मुलगा संदेश रत्नागिरीत रिक्षा चालवतो, त्याने तिला तिथे दाखवलं. डॉक्टरांनी घरी न्या म्हणून सांगितलं. सून मालनकाकी सगळं करते, पण आजूबाजूचं कोणी डोकावत नाही. मी जाते ते बाबांना आवडत नाही, पण मला नको म्हणत नाहीत.

मी तिला पुन्हा विचारलं. ती म्हणाली, पाणी पडवीच्या पायरीला लागलं होतं, ती माळ्यावर भांडी चढवत होती. दिवेलागणीला बाहेर आली तर भागोजीमामंजी, म्हणजे माझे पणजोबा, काठी घेऊन तिच्या दारात उभे होते. धोतर गुडघ्यापर्यंत भिजलेलं. काठी ठेवली नि गेले. तिने हे नवऱ्याला सांगितलं, त्याने गावकीत सांगितलं. गावकीत कोणीतरी म्हणालं, पाण्याने भेदरलेल्या बाईला सकाळ कुठची नि संध्याकाळ कुठची, आणि लोक हसले.

मी रात्रंदिवस याचा विचार करते आहे. मला वाटतं, पणजोबा सकाळी काठी ठेवायला विसरले असतील आणि बांध फुटल्यावर त्यांना ते कबूल करायची भीती वाटली असेल. म्हाताऱ्या माणसाचा विसर, एवढंच. पण मग त्या दुपारचं उधाण आपल्याच घराच्या पाळीत येतं. बांधावर आपल्या घरातलं कोण होतं?

तिला एकच गोष्ट हवी आहे. या शिमग्याला पालखी तिच्या अंगणात यावी. तुम्हाला माहीत आहे, पन्नास वर्षं पालखी आपल्या घरातून निघते आणि तिचं घर सोडून पुढच्या घरी जाते. तरी ती दर वर्षी अंगण सारवते, रांगोळी घालते, मालनकाकी ओटीचं ताट घेऊन उभी राहते. लहानपणी मला वाटायचं, पालखी त्यांच्याकडे दुसऱ्या दिवशी जात असेल.

माझं चुकत असेल तर माफ करा. पण लवकर लिहा.

नम्रता

*

विरार
२८ डिसेंबर २०२४

चि. नम्रता,

तुझे पणजोबा गावचे मानकरी होते. पालखीचा पुढचा खांदा आपल्या घराकडे त्यांच्यामुळे आहे, आज तो तुझ्या बापाकडे आहे. त्यांना विसरभोळा म्हणताना, भित्रा म्हणताना तुझी लेखणी थांबली नाही. त्यांनी कर्ज काढलं नाही, कुणाची बायको पळवली नाही, गाव सांभाळला.

पुस्तिकेत लिही, अतिवृष्टीमुळे बांध फुटला. कुणाचं नाव घालू नकोस, रावजीचंही नको. तेवढं पुरे आहे.

दोष रावजीचा, हा कौल तेव्हा देवीने दिलेला आहे. तो तू संगणकावर पुसणार आहेस काय?

आजोबा

*

खारकोंड
१० जानेवारी २०२५

तीर्थरूप आजोबा,

तुमचं पत्र वाचून मी दोन दिवस जेवले नाही. तुम्हाला दुखावलं याचं मला फार वाईट वाटतं.

‘अतिवृष्टीमुळे’ असं मी लिहिलं. मग मालनकाकीच्या समोर जाताना मला ते आठवत राहिलं. हौसाआजी म्हणते, त्या दिवशी ऊन पडलं होतं, तिने वाल वाळत घातले होते. तिचं खोटं कशावरून? आणि माझं खरं कशावरून? मी ती ओळ खोडली.

बाबांना मी कायद्याचं सांगून पाहिलं. कुणाला असं वाळीत टाकता येत नाही, तो गुन्हा आहे. बाबा म्हणाले, “वाळीत कुणी टाकलंय? दुकानात सामान देतात, विहिरीवर पाणी भरतात. देवी वळत नाही. त्या गडग्याशी पालखी जड होते, मी स्वतः खांद्यावर सोसलंय. तिला मी काय सांगू, वळ म्हणून?” मग थोड्या वेळाने म्हणाले, त्या वेळचा कोणी माणूस उभा राहून बोलला तर गावकी पुन्हा कौल लावेल. पण असा माणूस उरला आहे कुठे.

रावजीआजोबा गेले तेव्हा खांद्याला कोणी आलं नव्हतं. ते मला आईने आता सांगितलं. संदेशकाका तेव्हा पंचविशीत होता. मालनकाकीचे भाऊ येईपर्यंत दुपार झाली.

आजोबा, मी हे वाक्य चार वेळा लिहून फाडलं आहे. त्या पंधरवड्यात आपल्या घराची पाळी होती. थोरले आजोबा तेव्हा मुंबईला गिरणीत होते. पणजोबा देवळात होते. घरात बांधावर बसण्याजोगा पुरुष तुम्हीच एक होता, आणि तुम्ही रत्नागिरीला मुलाखतीला गेलात, असं तुम्हीच लिहिलं आहे. पाळी तुमची होती का?

उत्तर नाही म्हणून आलं तर मला आनंद होईल. पण उत्तर द्या.

तुमची,
नम्रता

*

विरार
२९ जानेवारी २०२५

नम्रता,

होय.

आता लिहितोच. ऋत्विक क्लासला गेला आहे, सून कामाला. तुझ्या आजीलाही हे माहीत नव्हतं. माझी बायको तर हे न कळता गेली.

पिठोरीची अमावस्या होती. मुलाखतीचा कॉल त्याच दिवसाचा. छापखान्यातली नोकरी, मुंबईत, कायमची. बाबा मला सोडायला तयार नव्हते. एक मुलगा गिरणीत गेला, दुसरा शेतीला हवा, असं त्यांचं ठरलेलं. म्हणून मी कोणाला सांगितलं नाही. सकाळी घमेलं नि कुदळ घेऊन निघालो. घरच्यांना वाटलं, बांधावर चाललो. खाली केवड्याच्या बनात घमेलं लपवलं, पिशवीतले कपडे घातले, सड्यावर चढलो आणि एस.टी. धरली. दुपारचं एक उधाण, एवढ्यात काय होतंय, असं मला वाटलं. मी वीस वर्षांचा होतो. हे कारण म्हणून सांगत नाही.

साडेपाचला सड्यावर उतरून खाली पाहिलं तर खार नव्हती. खाडी घरांना लागली होती. तू पुस्तिकेच्या पहिल्या पानावर घालावंस म्हणून मी जे लिहिलं, ती काळी रेघ मधेच तुटलेली होती.

उतरताना बाबा समोरून आले. केवड्याच्या बनातून येत होते, हातात माझं घमेलं. माझ्या अंगावरचा शर्ट बघितला. घरी गेले, काठी उचलली आणि रावजीच्या दारात ठेवून आले.

रावजी त्या वेळी बांधावर होता. त्याचं शेत भगदाडाच्या तोंडाशी. पाणी शिरताना त्यानेच पहिलं बघितलं आणि एकटा चिखल नि पेंढा छातीने दाबत उभा राहिला. लोक धावले तेव्हा बांधावर तो एकटाच सापडला, अंगभर चिखल. पाळी त्याची नव्हती तर तो तिथे करत काय होता, असं लोकांनी धरलं. त्यावर दारात काठी. तो सांगत राहिला, काठी आत्ता आली. पण कोणाच्या पाळीत कोण गैरहजर होतं, ते त्याला माहीत नसावं. त्याने माझं नाव कधी घेतलं नाही.

देवीला कौल लावला. गुरवाने विचारलं, काठी ज्याच्या दारात, दोष त्याचा काय. देवीने उजवा दिला. उजवा म्हणजे होय. तिला विचारलं ते तिने सांगितलं. काठी कोणी ठेवली असं तिला कोणी विचारलंच नाही. मी देवळाच्या खांबाला टेकून उभा होतो.

खार तीन वर्षं पिकली नाही. घराघरातून माणसं मुंबईला आली. पुढच्या मे महिन्यात मंडळ स्थापन झालं. तुम्ही ज्याची पन्नास वर्षं साजरी करताय ते कशामुळे निघालं ते आता तुला कळलं.

मी शिमग्याला येतो. पालखी आपल्या अंगणात बसली की सगळ्यांसमोर माझ्या तोंडाने सांगतो. हे माझं मी सांगायला हवं, कागदाने नाही. तोवर तू कोणाकडे ब्र काढायचा नाहीस, बापाकडेही नाही. देवीची शपथ आहे तुला. आणि हे पत्र जाळ.

केरू आजोबा

*

खारकोंड
१२ फेब्रुवारी २०२५

तीर्थरूप आजोबा, नमस्कार.

शपथ पाळते आहे. कोणाला काही सांगितलेलं नाही.

पत्र मात्र जाळलं नाही. चुलीपुढे दोनदा बसले. हात पुढे होईना. माझ्या कपड्यांच्या पेटीत तळाशी आहे. तुम्ही आलात की तुमच्या हातात परत देईन, मग तुम्ही काय ते करा.

मी तुमचा राग करत नाही, हे मला लिहायचं होतं. रागाऐवजी मला हलकं वाटलं. तुम्ही येणार म्हटल्यावर मला वाटतं, सगळं आपोआप जागेवर बसेल. पालखी आपल्या वाडीत १७ मार्चला आहे, दुपारी चारच्या सुमारास. त्या आधी दोन दिवस पोचा. संदेशकाकाची रिक्षा स्टेशनवर पाठवीन. नको, त्याची नको. दुसरी बघते.

एक चूक झाली माझ्याकडून. हौसाआजीच्या पोटात आता भाताची पेजसुद्धा ठरत नाही. परवा तिचा हात धरून बसले असताना माझ्या तोंडून निघून गेलं, यंदा पालखी येईल. तिने विचारलं नाही, कशी. मालनकाकीला हाक मारून म्हणाली, अंगणाला लाल माती आणायला सांग संदेशला, यंदा नुसतं सारवून भागायचं नाय.

म्हणून तुम्ही यायलाच हवं.

नम्रता

*

विरार
३ मार्च २०२५

चि. नम्रता हिला आशीर्वाद.

गुडघेदुखीने उचल खाल्ली आहे. डॉक्टर जिना उतरू नका म्हणतात. ऋत्विकची परीक्षा चालू आहे, घरात माणूस लागतं. तिकिटंही नाहीत, शिमग्याची गर्दी तुला माहीत आहे.

आणखी एक. मंडळाने मे महिन्यात ज्येष्ठ सभासद म्हणून माझा सत्कार ठरवला आहे. मी नको म्हटलं होतं. पण नावं छापून गेली. मुलाने सासरच्या माणसांना बोलावलं आहे. एकदा ते पार पडू दे.

पुढच्या वर्षी नक्की येतो, देवीच्या पायाची शपथ. पन्नास वर्षं थांबलं ते एक वर्ष थांबेल. हौसावैनीला सांभाळा. कोणाला न सांगण्याचं वचन तू दिलं आहेस, ते विसरू नकोस.

धाकटा आजोबा

*

खारकोंड
२ एप्रिल २०२५

केरू आजोबा,

तुमचं पत्र ११ तारखेला मिळालं. पालखीला सहा दिवस होते. त्या सहा दिवसांत मी काय केलं ते लिहिते, कारण ते तुम्हाला कळायला हवं. मी काही केलं नाही. रोज पेटी उघडून पत्र आहे का ते बघितलं.

१७ तारखेला पालखी आपल्या अंगणात आली. आईने ओटी भरली. बाबा पुढच्या खांद्याला होते. मी तुमचं पत्र पिशवीत घेऊन त्यांच्यापासून चार हातांवर उभी होते. गडग्यापलीकडे संदेशकाकाने हौसाआजीला खुर्चीत बसवून खांबाला टेकवलं होतं, कारण तिची मान राहत नव्हती. अंगण लाल मातीने घोटून काढलेलं. मालनकाकी ताट घेऊन उभी. माझ्या मनात काय चाललं होतं तेही सांगते. मी शपथेचा विचार करत होते. मी आता ओरडले तर बाबांच्या खांद्यावरून पालखी काढून घेतील, याचाही करत होते. गडग्याशी खांदेकरी थांबले. खांदा बदलायला थांबले होते. तिला वाटलं, वळते आहे. तिने हात जोडले. मग पालखी पुढच्या घरी गेली.

ढोल लांब गेल्यावर मी तिच्याकडे गेले. ती रडली नाही. म्हणाली, “येनार म्हनालीस नव्हं?” मी तिची मान सावरली. मग तिने विचारलं, केरूभावजी बरे आहेत ना. मी हो म्हटलं.

“त्या दिशी सकाळी मी सड्याच्या वाटेवर बगितलं त्याना,” ती म्हणाली. “नवा शर्ट व्हता. लाकडं आनायला गेलेली मी.”

मी विचारलं, तू कोणाला सांगितलं नाहीस?

“ह्यांना सांगितलं. हे म्हनाले, नाव घेऊ नको, पोराची नोकरी जायल. लोकं काय, दोन वर्सांत इसरतील.”

तेव्हा रावजीआजोबांना माहीत होतं. तुमची समजूत चुकीची होती, म्हणून मुद्दाम लिहिलं.

ती २० तारखेला सकाळी गेली. संदेशकाका आणि मालनकाकीचे दोन भाऊ, असे तीन जण होते. चौथ्याची वाट बघत दोन तास गेले. उन्हं डोक्यावर आली. बाबा गडग्याच्या अलीकडे उभे होते, माझ्याकडे बघत होते. चौथा खांदा मी दिला. मला कोणी अडवलं नाही, आणि सोबत कोणी आलंही नाही.

रविवारी गावकी बसली तेव्हा मी तुमचं पत्र वाचून दाखवलं. सगळं, पहिल्या ‘होय’पासून. शपथ मोडली. ती मोडण्यासाठी एक माणूस मरावं लागलं, याचं मी काय करू ते मला कळत नाही.

वाचून झाल्यावर मी खाली बसले. मला वाटलं, आता कोणीतरी म्हणेल, आपलं चुकलं. कोणीतरी म्हणालं, कौल लावा. गुरवाने विचारलं, दोष भागोजीच्या घराचा काय. देवीने उजवा दिला. ठरलं ते असं: पुढच्या वर्षीपासून पालखी आपल्या अंगणात वळणार नाही. पुढचा खांदा बाबांकडून काढून घेतला. रावजींच्या घरची पालखी मोकळी केली. त्या घराला आता कुलूप आहे. संदेशकाका मालनकाकीला रत्नागिरीला घेऊन गेला. तरी रीत म्हणून पालखी त्या कुलपासमोर थांबेल.

मी उभी राहून म्हटलं, चूक एका माणसाची होती, घराची नव्हे. मागून आवाज आला, “तवापन एकाच मान्साची व्हती.”

बाबा आठ दिवस माझ्याशी बोलले नाहीत. परवा जेवताना विचारलं, काकांचं पत्र तुझ्याकडे कधीपासून होतं. मी खरं सांगितलं, फेब्रुवारीच्या सुरुवातीपासून.

“म्हणजे म्हातारी जिती असताना,” ते म्हणाले. मग ताटातून हात काढून म्हणाले, “मला घरात सांगायचंस. मी वळवली असती. पुढचा खांदा माझा होता. गावकीने काय केलं असतं ते मग बघितलं असतं.”

मी आयुष्यभर बाबांना ओळखते असं मला वाटत होतं. त्यांना विचारण्याआधीच मी त्यांचं उत्तर ठरवून टाकलं. हौसाआजीने पहिल्या दिवशीच खरं सांगितलं होतं. मला ते कागदावर, पुरुषाच्या अक्षरात हवं होतं. मिळालं तेव्हा पेटीत ठेवलं.

पुस्तिकेचा मजकूर काल छापायला गेला. १९७४ चा परिच्छेद आहे. त्यात पणजोबांचं नाव आहे, तुमचं आहे आणि माझंही आहे. मंडळाने तो काढला तर मी काही करू शकत नाही. तुमच्या सत्काराचं त्यांनी काय ठरवलं ते मला माहीत नाही.

पुढच्या वर्षी नक्की येतो असं तुम्ही लिहिलं होतं. या. आपल्या अंगणात पालखी नसेल, माणसंही नसतील. तुम्हाला कोणासमोर काही बोलावं लागणार नाही.

नम्रता